काळ्या चौकोनातलं चाक

बसा. जरा लांब बसा आणि मला बोट लावू नका, एवढंच म्हणणं आहे. मी तौफिकच्या दुकानातला तीन नंबरचा मॉनिटर. मुकुंदवाडीच्या मागच्या गल्लीत, पिठाच्या गिरणीला लागून, गेम खेळायचं जे दुकान आहे तिथं दारापासून तिसऱ्या टेबलावर माझी जागा. स्वभावानं मी भित्रा आहे, हे आधीच सांगून टाकतो. नंतर कुणी हसायला नको.

मला लाइट जायची भीती वाटते आणि यायची त्याहून जास्त, कारण ती येताना धक्का देऊन येते. ओल्या फडक्याची भीती, गिरणीतून उडत येणाऱ्या पिठाची भीती, हरल्यावर टेबलावर मूठ आपटणाऱ्या पोरांची भीती. पण परवापासून जी भीती माझ्या पोटात बसली आहे तिच्यापुढं या सगळ्या किरकोळ आहेत. ती एका लहान मुलीच्या डोळ्यांची आहे. इथल्या कुणाला मी ती सांगू शकत नाही, म्हणून तुम्हाला धरून बसवलं.

माझा जन्म समुद्रापलीकडच्या कुठल्यातरी कारखान्यातला. पहिल्यांदा सुरू केलं तेव्हा माझ्याकडून लाल, हिरवा, निळा असे रंग दाखवून घेतले आणि शेवटी सगळं काळं करायला लावलं. एका बाईनं डोळे बारीक करून ते काळं बराच वेळ न्याहाळलं आणि मान हलवून मला पुढं सरकवलं. रंग कुणीही दाखवतं हो, काळं नीट दाखवता येणं ही आमच्यात मोठी गोष्ट असते. तेव्हा मला त्याचा अभिमान वाटला होता.

तिथून मी चितेगावच्या एका कंपनीत आलो. स्टोअरच्या टेबलावर दिवसभर पांढरा कागद आणि आकडे. रंगाची बटणं कुणी कधी दाबली नाहीत. फार सुखाचे दिवस होते ते. मग कंपनीतली कामं कमी झाली, जुनं सामान विकायला निघालं आणि तौफिक टेम्पो घेऊन आला. त्यानं माझ्या तोंडावर चादर गुंडाळली, तेव्हा मला वाटलं की आता आपलं काही खरं नाही.

तौफिकचं दुकान म्हणजे अंधारी खोली. उजेडात पडद्यावर चकाकी येते म्हणून तो शटर अर्धं खाली ठेवतो. आत आम्ही सहाजण भिंतीला पाठ लावून उभे. इथं आल्यावर मला माणसांच्या डोळ्यांचे चोचले कळले. एकाला रक्त लालभडक पाहिजे, दुसऱ्याला खेळातल्या माणसांचे चेहरे गोरे पाहिजेत. जो येईल तो खेळाच्या आधी सेटिंगमध्ये शिरतो, रंगाच्या पट्ट्या सरकवतो, माझ्या पोटाखालची बटणं दाबतो. तौफिक काउंटरवरून ओरडतो, "अरे, कलर को हात नक्को लगाव रे. आत्ताच नीट केलंय." त्याचं कुणी ऐकत नाही.

बाराच्या साली पाऊस गेला तेव्हा एक गंमत झाली. गंमत कसली, मला तर त्याचीही भीतीच वाटली. बाहेर सगळं मातकट झालं होतं, नळाला आठ-आठ दिवस पाणी नव्हतं. आणि दुकानात येणारे सगळे एकजात हिरव्या रंगाची पट्टी वर ढकलायला लागले. खेळातलं गवत पोपटी, झाडं पोपटी. पाण्याच्या कडेला आले की गोळ्या झाडायचं थांबवून निळं पाणी बघत उभे राहायचे. मागून शत्रू येऊन मारून जायचा, तरी हलायचे नाहीत.

मधे एखादं वर्ष बरं गेलं आणि पुन्हा दुष्काळ पडला. त्या दुसऱ्या दुष्काळात रामप्रसाद आला.

रामप्रसाद फुलंब्रीच्या पलीकडचा. घर पिढ्यान्‌पिढ्या मेंढरं राखणारं. चारा संपला तशी मेंढरं पाहुण्यांकडं नगर भागात पाठवली आणि हा शहरात येऊन पाण्याच्या टँकरवर ड्रायव्हर झाला. ज्या शेतांत पूर्वी त्याच्या बापाची मेंढरं बसायची तिथं आता प्लॉटिंग होऊन चारमजली बिल्डिंगा उभ्या राहिल्या होत्या आणि त्यांतल्याच एकीच्या मागं तो भाड्यानं राहायचा. बरोबर बायको, ती त्याच्या सख्ख्या मामाची मुलगी. आणि प्रांजली ही पाच वर्षांची पोर. तिला सगळे पनू म्हणायचे.

टँकर भरायचं ठिकाण दुकानापासून जवळ. तिथं गाड्यांची रांग लागायची आणि नंबर यायला दुपार जायची. तेवढ्या वेळात ड्रायव्हर लोक दुकानात टेकायचे. रामप्रसाद माझ्यासमोर बसायचा आणि ट्रक चालवायचा गेम लावायचा.

"रामभाऊ, दिवसभर टँकर चालवतो आन्‌ इथं येऊन पुन्हा ट्रकच? काय माणूस आहेस," तौफिक चिडवायचा.

"हितं मधी हंडा घेऊन कुनी आडवं येत नाय," रामप्रसाद म्हणायचा.

त्या गेमची एक खोड आहे. सुरू झाला की आधी उजेडाचं विचारतो. एक काळा चौकोन दाखवतो. त्यात गाडीचं एक चाक असतं, नखाएवढं, अगदी पुसट. खाली एक पट्टी असते. ती सरकवत जायची आणि चाक जेमतेम दिसायला लागलं की थांबायचं. म्हणजे खेळातली रात्र रात्रीसारखी दिसते. तळाशी पट्टी असली तर चाक कुणालाच दिसत नाही, थोडी वर नेली की दिसतं. बहुतेक पोरं न बघताच पुढं जातात.

रामप्रसाद मात्र सांगितलेलं ऐकणारा माणूस. तो पट्टी सरकवायचा. अर्ध्यावर यायचा, थांबायचा नाही. पाऊण, थांबायचा नाही. मी चाक दाखवतोय, स्वच्छ दाखवतोय, बाजूच्या टेबलावरून सांडू या दुसऱ्या टँकर ड्रायव्हरला ते दिसतंय, आणि हा नाक माझ्याजवळ आणून म्हणतोय, "कुठंय बाबा ते?" शेवटी पट्टी टोकाला जाऊन अडायची. मग तो वैतागून पुढं जायचा.

त्याच्यानंतर जो बसेल तो बोंब मारायचा. "ए तौफिक, स्क्रीनवर दूध सांडलंय काय कुणी? रात्रसुद्धा पांढरी दिसतीय."

बोल माझ्यावर आला. तौफिकनं ठरवून टाकलं की तीन नंबर मंद झालाय. त्यानं माझा ब्राइटनेस शंभरावर नेला. मला अंगात ताप भरल्यासारखं व्हायचं, आतून बारीक सूं असा आवाज यायला लागला. तरी रामप्रसाद म्हणायचाच, "तुझा हा मंद हाय, तौफिकभाई." मी मंद नव्हतो. पण भित्र्याचं कसं असतं, चारजण म्हणाले की आपलंच काही चुकत असेल असं त्याला वाटतं. मलाही तसंच वाटलं. भंगारवाल्याची हाक आली की मी गारठायचो.

मग हळूहळू मी बघायला लागलो. मी दिवसभर माणसांची तोंडंच तर बघतो.

तौफिक चहाचा ग्लास त्याच्या हाताशी ठेवायचा. बाकीचे खेळता खेळता ग्लास उचलायचे. रामप्रसाद टेबलावरून हात फिरवत फिरवत ग्लास शोधायचा. खालच्या स्टुलाला तर तो रोज धडकायचा. एकदा लाइट गेली. आम्ही पडदे इन्व्हर्टरवर चालू होतो, पण ट्यूब बंद झाली. सगळे उठून बाहेर गेले, हा मात्र खुर्चीतच बसून राहिला. सांडूनं हाक मारली, तरी "येतो, येतो" म्हणत बसला. लाइट आल्यावरच उठला. आणि गेममध्ये रात्र झाली की तो कधी एकट्यानं गाडी चालवायचा नाही. पुढच्या गाडीचा लाल दिवा धरून तिच्या मागं मागं जायचा.

एक दिवस तो तौफिकला हसत हसत सांगत होता. "काल दिवेलागणीला वाडीवर गेलो. बायांनी हंडे रस्त्यातच रांगंत मांडले व्हते. पार चपटे केले म्या. लई शिव्या खाल्ल्या."

"दिसले नाहीत?"

"अंधारात कुनाला दिसतंय? म्या सांडूच्या गाडीचा लाल दिवा बघून चालवतो. तो म्होरं निघून गेला व्हता काल."

तौफिकसुद्धा हसला. मी नाही हसलो. त्या क्षणी मला कळलं की मंद कोण आहे, आणि माझ्या आतली सूं एकदम वाढली. हंडे रांगेत होते. हंड्यांच्या मागं बाया असतात. बायांच्या पदराला पोरं असतात. टँकर दिसला की ही माणसं पळत सुटतात, पाइप टाकायला चालत्या गाडीवर चढतात. आणि गाडी चालवणाऱ्याला दिवस कलल्यावर दिसत नाही. हे फक्त मला ठाऊक होतं, आणि मी तर बोलू शकत नाही.

खुद्द रामप्रसादलाही ते ठाऊक नव्हतं. खोटं बोलणारा माणूस नाही तो. त्याच्या घरची रीतच तशी. मेंढरं कोंडली की माणसं आत. भाकरी उजेडातच खायची, दिवेलागणीनंतर उंबरा ओलांडायचा नाही. त्याची आई बानाबाई एकदा शहरात आली होती, दुकानाच्या पायरीवर बसून तिनंच तौफिकला सांगितलं. "आमच्याकडं पयल्यापसून हाय तसं. माझा बाप, माझा भाऊ, कुनीच अंधारात भाईर पडलं नाय. रातच्याला मानसानं भाईर पडू नव्हं." घरात कुणालाच रात्री दिसत नसेल तर रात्र अशीच असते, असंच वाटणार ना. त्यांनी त्या आजारालाच रीत करून टाकलं होतं आणि घरातल्या घरात लग्नं करून ते जपत आले होते. कुणाला दोष द्यायचा?

उन्हाळा चढला तशा टँकरच्या खेपा वाढल्या. उजाडायच्या आधी एक, अंधार पडल्यावर एक. रोज दुपारी तो दारातून आत येईपर्यंत माझा जीव थाऱ्यावर नसायचा. आला की मी त्याच्या तोंडाकडं बघायचो. हसतोय म्हणजे काल काही झालं नाही.

शेवटी तौफिकनं नवा पडदा आणला. माझ्या शेजारी ठेवला, दोन्हीकडं तोच गेम लावला, दोन्हीकडं तो काळा चौकोन आणि पट्टी जिथं पाहिजे तिथं. मला भंगारात घालायच्या आधी एकदा खात्री करून घ्यायची होती त्याला. तौफिकची बायको गजाला जेवणाचा डबा घेऊन आली होती, तीही उभी राहिली.

"सांग रामभाऊ, आता कुठल्यात दिसतं?"

रामप्रसादनं दोन्हीकडं वाकून पाहिलं. "दोन्हीत बी काय नाय."

तौफिकला ती मस्करी वाटली. "अरे बाबा, नवा आहे तो."

"मुझे तो दोनों में दिख रा," गजाला म्हणाली. "गाडी का चाक है ना?"

तौफिकनं शटर आणखी खाली ओढलं आणि ट्यूब बंद केली. आम्हा पडद्यांचा थोडा उजेड होता तेवढाच. त्यानं हात वर केला. "किती बोटं?"

"अंधार केला की तू," रामप्रसाद म्हणाला. "आता कसं दिसंल?"

"मला दिसतात," सांडू हळूच म्हणाला. तो आत्ताच आत आला होता, नंबर लागल्याचं सांगायला. "दोन बोटं हायेत. रामप्रसाद, तुला नाय दिसत?"

रामप्रसाद उठला. चिडला होता. खिशातून चावी काढून म्हणाला, "तुमी सगळे मिळून येड्यात काढता व्हय मला? माझ्या पोटावर पाय द्यायचाय का? गाव वाट बघतंय पान्याची." आणि निघाला तो स्टुलाला धडकला.

गजालानं ट्यूब लावली. ती ओरडली वगैरे नाही. तिनं एवढंच विचारलं, "भाई, उस दिन हंडे थे, तो बायका कहां खडी थी?"

"बाभळीखाली व्हत्या."

"तुमने देखा?"

तो उत्तर द्यायला गेला. थांबला. मग म्हणाला, "सांडूनं सांगितलं नंतर."

स्वतःचं उत्तर त्याच्या कानावर पडलं, तसा तो खुर्चीत बसला. त्यानं चावी टेबलावर, माझ्यासमोर ठेवली आणि मान खाली घालून राहिला. सांडूनं ती उचलली आणि गेला. त्या संध्याकाळी स्वतःची आणि रामप्रसादची, अशा दोन्ही खेपा सांडूनं केल्या.

पुढं सरकारी दवाखान्यात तपासणी झाली. डॉक्टरांनी आधी हेच विचारलं की लग्न नात्यात झालंय का. रात्रीचं तर गेलंच होतं, दिवसाचंही हळूहळू कडेकडेनं कमी होत जाईल म्हणाले. औषध नाही. आणि आणखी एक सांगितलं. मुलीला तपासायला घेऊन या, लवकर आणा.

मी वाचलो. नवा पडदा सात नंबरला गेला, माझा ब्राइटनेस खाली आला, आतली सूं थांबली. रामप्रसाद शेजारच्या गिरणीत दळणाच्या कामाला लागला. सकाळी येतो, सूर्य आहे तोवर घरी जातो. दुपारी जरा वेळ माझ्यासमोर बसतो, पण गेम लावत नाही. पुढं एक पावसाळा चांगला झाला. पोरं आता हिरवी पट्टी पहिल्यासारखी वर ढकलत नाहीत. टँकर कमी झाले, बिल्डिंगा वाढल्या.

पण पोरीला दवाखान्यात नेलं नाही. बायको दर आठवड्याला गिरणीच्या दारात येऊन आठवण करते. तो म्हणतो, गिरणीत गर्दी आहे. मग म्हणतो, पोरीची शाळा बुडते. एकदा तौफिकजवळ खरं बोलला. "माझं कळलं ते सोसलं, भाई. तिचं बी तसंच निघालं तर म्या कुठं जाऊ?" तौफिकनं त्याच्या पाठीवर हात ठेवला.

पनूला संध्याकाळी अडखळताना कुणी पाहिलंय का, तर नाही. कसं पाहणार? त्या घरात दिवेलागणीनंतर कुणी बाहेर जातच नाही. ती रीत अजून आहे.

परवा शुक्रवार होता. तौफिक नमाजला गेला होता, काउंटरवर गजाला फोनवर बोलत बसली होती. रामप्रसाद पनूचा हात धरून आत आला. अंगावर पीठ, कपाळावर घाम. त्यानं तिला माझ्यासमोरच्या खुर्चीत बसवलं, खाली दप्तर ठेवून उंच केलं आणि तो गेम लावला. मी समजलो. दवाखान्यात विचारायची हिंमत नव्हती, म्हणून तो मला विचारायला आला होता.

आता नीट ऐका. त्या दिवशी सकाळी दोन पोरांनी पैज लावली होती, पूर्ण अंधारात गाडी कोण चालवतो याची. त्यांनी पट्टी पार तळाला नेली आणि तशीच सोडून गेली. गेम सुरू झाला, काळा चौकोन आला. पट्टी तळाला. चौकोनात चाक नाही. तुम्हाला दिसलं नसतं, गजालाला दिसलं नसतं, कुणालाच दिसलं नसतं. तिथं नुसतं काळं होतं. आणि रामप्रसादचं पट्टीकडं लक्षच नव्हतं, चौकोन तर त्याला कायमच तसा दिसत आलाय.

"पनू, त्या काळ्या चौकोनात बघ बरं. काय दिसतंय?"

तिनं पाहिलं. तिचे डोळे माझ्या इतके जवळ आले की पापण्या मोजता आल्या असत्या. "काय असतं बाबा त्यात?"

"चाक असतंय. गाडीचं." खुर्चीची पाठ त्यानं दोन्ही हातांनी घट्ट धरली होती. "दिसतंय का माझ्या बाईला?"

पनूनं मागं वळून बापाच्या तोंडाकडं पाहिलं. बराच वेळ पाहिलं. सहा वर्षांची पोर, पण बापाला काय ऐकायचंय ते तिला समजलं. ती पुन्हा माझ्याकडं वळली.

"दिसतंय," ती म्हणाली.

"खरंच दिसतंय?"

"व्हय बाबा. लई मोठं हाय."

त्यानं ते चाक आयुष्यात कधी पाहिलेलं नाही. ते नखाएवढं असतं हे त्याला ठाऊक नाही. त्यानं पोरीला उचलून छातीशी धरलं आणि रडायला लागला. गजालाला म्हणाला, "भाभी, दिसतंय पोरीला." गजाला फोन बाजूला ठेवून "शुकर है अल्ला का" म्हणाली, तिचेही डोळे भरून आले. माझ्याकडं कुणी पाहिलं नाही. तिथंच उभं राहून त्यानं बायकोला फोन लावला. "दवाखान्याचं ऱ्हाऊ दे आता. तपासलं म्या. चांगले हायेत डोळे तिचे." पनू त्याच्या खांद्यावर मान टाकून होती. तिचं तोंड माझ्याकडं होतं. ती हसत नव्हती.

मी काय करणार? तार काढून टाकावी, काच तडकवावी, असं वाटलं. पण मला फक्त दाखवता येतं, आणि मी तर खरं तेच दाखवत होतो.

तिला दिसतही असेल. पट्टी जागेवर असती तर तिनं खरंच चाक पाहिलं असतं, मी नाही म्हणत नाही. पण तिला कुणी विचारलंच नाही, आणि आता कुणी विचारणारही नाही. पुढच्या महिन्यात आमच्या गल्लीपुढचा रस्ता मोठा होतोय, गाड्या वाढतील. पनू मोठी होईल, कधीतरी एकटी बाहेर पडेल, संध्याकाळी क्लासहून घरी यायला निघेल. तिलाही वाटेल की अंधारात कुणालाच दिसत नाही. हा विचार मी बंद असतानाही माझी पाठ सोडत नाही.

तुम्हाला तोंड आहे. मुकुंदवाडीत मागच्या गल्लीत गिरणी विचारा, कुणीही दाखवील. पिठानं पांढरा झालेला रामप्रसाद तिथंच असतो. त्याला रागावू नका. फक्त सांगा की परवा त्या चौकोनात चाक नव्हतंच. पोरीला दवाखान्यात ने म्हणावं, आणि उजेड आहे तोवर ने.